चेहऱ्याकडे पाठ केलेले दिवे

माझ्या भाचीला चित्रपट दिग्दर्शित करण्याची संधी मिळावी की नाही, याचा निकाल एका मंगळवारी सकाळी नऊ ते बारा या तीन तासांवर अवलंबून होता; आणि त्या तीन तासांपैकी सव्वा तास मी एकट्याने वाया घालविला. हे मी स्वतःच लिहून ठेवीत आहे, कारण इतर लोक ही हकिगत सांगताना माझ्यावर दया करून नेमका तेवढा भाग गाळतात.

मी एका चित्रपट स्टुडिओत गेली एकतीस वर्षे लाइटमन म्हणून काम करतो. माझे शिक्षण सहावीपर्यंत झाले, परंतु प्रकाशाच्या बाबतीत मला अडाणी म्हणण्याची कोणाची छाती नाही. माझी थोरली बहीण त्याच स्टुडिओच्या कपडेपटात इस्त्री करते. नटनटींनी अंगावर घातलेले सारे कपडे तिच्या हाताखालून जातात. तिची एकुलती एक मुलगी म्हणजे माझी भाची. लहानपणी ती एका जागी क्षणभरही स्थिर राहत नसे, म्हणून मी तिचे नाव भिंगरी ठेविले, आणि ते तिला जन्माचे चिकटले.

आमचे पणजोबा मजुरीसाठी बोटीने या देशात आले. चार पिढ्या उलटल्या तरी लोक आम्हांला "मूळचे कुठले?" असे विचारतात. आम्ही सावळे नव्हे, चांगले काळे आहोत. उगाच शब्द मऊ करण्यात अर्थ नाही. स्टुडिओत आमच्या वंशाची माणसे पुष्कळ आहेत, परंतु ती सर्व उचलणारी, धुणारी, ओढणारी आणि पुसणारी. भिंगरी तेथे चार वर्षे दृश्यांच्या नोंदी ठेवण्याचे काम करीत होती. नटाच्या हातातील पेला मागच्या दृश्यात भरलेला होता की अर्धा, हे लक्षात ठेवणे हे तिचे कर्तव्य. तरीही नवा पहारेकरी आला की तो तिला हटकून म्हणे, "सफाईवाल्यांचं दार मागं आहे, बाई." आणि मी, तिचा सख्खा मामा, तिला समजावीत असे, "अगं, मागच्या दारानं ये. दोन पावलं जास्त पडतील, पण दोन शब्द वाचतील."

"दोन पावलं नाहीत, मामा. मी मोजलीत. दोनशे दहा आहेत," असे ती म्हणे.

आमच्या स्टुडिओत दरवर्षी एका नवोदितास पहिला चित्रपट देण्याची प्रथा आहे. उमेदवारास तीनदाच अर्ज करता येतो. प्रथम मुलाखत होते आणि तीत जो टिकेल त्याला तीन मिनिटांचा नमुना चित्रित करण्यासाठी एक दालन, एक कॅमेरा आणि तीन तास मिळतात. मागील अकरा वर्षांत अकरा जण निवडले गेले. अकराही पुरुष, आणि अकराही गोरे. भिंगरी दोनदा मुलाखतीतच बाद झाली होती. पहिल्या वर्षी समितीतील एका गृहस्थांनी तिला विचारले, "कॅमेऱ्याचं वजन ठाऊक आहे का, मुली?"

ती उत्तरली, "आहे ना. मागच्या महिन्यात तुमच्या पुतण्याच्या शूटिंगला मीच तो जिन्यानं वर नेला."

दुसऱ्या वर्षी प्रश्न आला, "तुमच्या लोकांच्या गोष्टी तुमच्या लोकांना आवडतील, बाकीच्यांनी तिकीट का काढावं?"

"आम्ही आयुष्यभर तुमच्या गोष्टींची तिकिटं काढलीच की, साहेब."

मी कपाळाला हात लाविला. "भिंगरे, जरा नमतं घ्यावं माणसानं."

"मामा, अजून नमले तर जमिनीला लागेन."

तिसऱ्या आणि शेवटच्या वर्षी मात्र समितीच्या अध्यक्षस्थानी नवीन वृद्ध गृहस्थ आले होते. त्यांनी तिला एकच प्रश्न केला, "काय दाखवणार?" ती म्हणाली, "माझी आई इस्त्री करताना." ते कागदावर खूण करून म्हणाले, "दाखव."

आता माझ्या अपराधाकडे वळणे भाग आहे.

आमच्या दालनात प्लॅस्टरचे एक मस्तक आहे. त्यास सर्वजण राणीसाहेब म्हणतात. नायिकेला दिव्यांखाली तासन्‌तास बसवून ठेवणे बरे नव्हे, म्हणून आम्ही अगोदर राणीसाहेबांना खुर्चीवर ठेवतो, त्यांच्या मुखावर दिवे जुळवितो, जमिनीवर खडूने खुणा करतो आणि मग नायिकेस बोलावितो. नवीन कामगार रुजू झाला की त्याला राणीसाहेबांपुढे मुजरा करावयास लावतात. त्यांचा वर्ण सायीसारखा, गालांवर किंचित गुलाबी झाक. दर काही वर्षांनी तो रंग उडतो, आणि नवा देण्याचे काम माझ्याकडे असते. मी ते अत्यंत निगुतीने करतो. इतक्या वर्षांत तो रंग कोणाचा आहे, असा विचार माझ्या मनास एकदाही शिवला नाही.

सोमवारी भिंगरीने मला बजाविले होते, "मामा, उद्या मी येईपर्यंत एकही दिवा लावू नकोस." मी "बरं, बरं" म्हणालो. मनात म्हटले, पोर घाबरली आहे, हिला बिचारीला दिव्यांतले काय कळते? तीन तास म्हणजे डोळ्याचे पाते लवते न लवते तोच संपतील. आपण मामा आहोत, आपणच हिला तयार पान वाढले पाहिजे. म्हणून मंगळवारी सकाळी सहा वाजताच मी दालन उघडले, इस्त्रीच्या मेजाशी राणीसाहेबांना बसविले आणि आयुष्यातील सर्वोत्कृष्ट प्रकाशयोजना केली. सात दिवे लाविले. मागील पांढरी भिंत मोत्यासारखी झळकू लागली. स्टँडच्या पायांना मी चिकटपट्ट्या लाविल्या आणि सर्व पक्के केले.

नऊ वाजता भिंगरी आली. मागोमाग ताई आली. रंगभूषावाल्या बाईने तिच्या चेहऱ्यावर पावडर थापली होती. भिंगरीने दिवे पाहिले, जमिनीवरील खुणा पाहिल्या, माझ्याकडे पाहिले. "आई, बस," एवढेच म्हणाली.

ताई बसली. मी मॉनिटरमध्ये पाहिले. भिंत होती, मेज होते, इस्त्री होती. ताई जेथे असावयास हवी तेथे एक काळोखी पोकळी आणि तिच्यात दोन डोळे होते.

"वाढवतो," मी म्हणालो. "दोन दिवे वाढवले की होईल."

दोन वाढविले. मग आणखी एक. भिंत पेटल्यासारखी झाली. ताईच्या डोळ्यांतून पाणी वाहू लागले आणि पावडरीखालचा तिचा चेहरा राख फासल्यासारखा करडा दिसू लागला.

"मेल्या, मला भाजतोस की उजळवतोस?" ताई मेजावरून ओरडली.

"थांब गं जरा. तुझा चेहरा प्रकाश खातो."

"चेहऱ्याला तरी खाऊ दे. सकाळपासून मला चहासुद्धा दिला नाही कुणी!"

छायालेखक कॅमेऱ्याशी स्टुलावर बसून वर्तमानपत्र वाचीत होते. माणूस वाईट नव्हे, परंतु नियमाप्रमाणे त्यांनी केवळ कॅमेरा चालवावयाचा होता, सल्ला द्यावयाचा नव्हता. दिव्यांना हात लावण्याचा अधिकार एकट्या मला, कारण अपघाताचा विमा माझ्याच नावावर होता. उमेदवाराने केवळ तोंडाने सांगावयाचे. भिंगरीने दोनदा म्हटले, "मामा, भिंतीवरचे काढ." मी दोनदा म्हणालो, "अगं, असं नसतं."

एवढ्यात स्टुडिओचे व्यवस्थापक आत डोकावले. घड्याळात सव्वादहा झाले होते. त्यांनी मॉनिटरकडे पाहिले आणि मधाळ स्वरात म्हणाले, "अहो, विषय छान आहे हं. फक्त चेहरा बदला. आमच्या ऑफिसातली टायपिस्ट आहे, गोरीगोमटी, इस्त्रीही येते तिला. या दिव्यांत फक्कड दिसेल. पाठवू?"

आणि हेही लिहितो. मी म्हणालो, "भिंगरे, विचार कर. संधी जाण्यापेक्षा बरं."

ताईने इस्त्री सरळ उभी करून ठेविली. ती आपल्या मुलीकडे पाहत म्हणाली, "मला काही वाटणार नाही हो. मी उठते. तू तुझं बघ." आणि ती खरोखरच उठली. मी माझ्या बहिणीला पन्नास वर्षे ओळखतो. काही वाटले की ती पदराचे टोक बोटाला गुंडाळते. ते तिने तेव्हा इतके घट्ट गुंडाळले होते की बोटाचे अग्र सुजले.

"आई, बस," भिंगरी म्हणाली. "साहेब, टायपिस्टबाईंना टाइप करू द्या."

व्यवस्थापक खांदे उडवून निघून गेले. मग भिंगरीने एक विलक्षण गोष्ट केली. वेळ वाळूसारखा निसटत असताना ती जमिनीवर मांडी घालून बसली आणि आईकडे नुसती पाहत राहिली. एक मिनिट, दोन मिनिटे, पाच मिनिटे. मी पुन्हापुन्हा घड्याळ पाहू लागलो. शेवटी तिने माझ्याकडे न पाहताच विचारले,

"मामा, तुमची बहीण तुम्हांला कुठं बसली की चांगली दिसते?"

घरी ती मला "तू" म्हणते. हे "तुम्ही" माझ्या काळजाला सुईसारखे टोचले. परंतु प्रश्न असा होता की मी रागावण्याचेही विसरून गेलो. कारण उत्तर माझ्याजवळ होते आणि ते मी आजवर कोणास सांगितले नव्हते.

"कपडेपटात," मी म्हणालो. "दुपारी तीनच्या सुमाराला. समोर धुतलेल्या चादरी वाळत असतात ना खिडकीपाशी, त्यांच्यावर ऊन पडतं आणि तिथून उडून तिच्या गालावर येतं. मी कधीकधी काही काम नसताना उगाच तिथं जातो."

"म्हणून येतोस होय!" ताई म्हणाली. "मला वाटलं बिड्या मागायला."

भिंगरी ताडकन उठली. "चादरी आणा. चार. आणि सगळे दिवे फिरवा. आईकडे पाठ करा त्यांची. चादरींवर मारा उजेड. भिंतीवर एक थेंबही नको. आई, ते पीठ धुऊन ये तोंडावरचं आणि थोडं तेल चोळ."

वाचकांना हे क्षुल्लक वाटेल; परंतु ज्याने एकतीस वर्षे दिवा कलावंताच्या मुखाकडे वळविला, त्याला तो फिरवून कलावंताकडे दिव्याची पाठ करावयास सांगणे म्हणजे पुजाऱ्याला देवाकडे पाय करून बसावयास सांगण्यासारखे आहे. मी म्हणालो, "वेडी आहेस का? आधीच अंधार, त्यात दिवा काढायचा?"

"फिरवा, मामा."

मी पहिला दिवा फिरविला. दुसरा फिरविला. तिसऱ्यापाशी माझा हात आपोआप परत वळला आणि ताईच्या तोंडावर झोत पडला. भिंगरी जवळ आली. तिचा आवाज मुळीच चढला नाही. "मामा, मला तुमचे हात हवेत. डोळे आज माझे वापरू या."

छायालेखकांनी वर्तमानपत्राची घडी घालून खिशात ठेविली.

अकरा वाजून दहा मिनिटांनी चादरी टांगल्या गेल्या. दिवे त्यांच्यावर पडले आणि तेथून प्रकाश परत आला. मऊ, रुंद, घाई नसलेला. मागील भिंत विझून गेली. ताई तोंड धुऊन, तेल चोळून बसली, आणि मी मॉनिटरकडे पाहिले.

मला पुस्तकातील पुष्कळ उपमा पाठ आहेत. त्यांतील एकही तेथे उपयोगी पडली नाही. ती माझी ताई होती, बस्स. कपाळावरची चकाकी, गालाच्या हाडावरून उतरणारी तांबूस रेघ, हनुवटीखालचा गर्द निळसर काळा रंग. काळ्या रंगात इतके रंग असतात हे मी, रंगांच्या दुनियेत राहणारा माणूस, प्रथमच पाहत होतो. छायालेखक डोळा कॅमेऱ्याला लावूनच पुटपुटले, "अरे वा."

चित्रण सुरू झाले. ताई एका भरजरी झग्याच्या बाहीवर इस्त्री फिरवीत बोलू लागली. भिंगरीने तिला काय बोलावे हे सांगितले नव्हते, केवळ "कपड्यांबद्दल बोल" म्हटले होते.

"ही बाही खांद्यापाशी विरलीय," ताई म्हणाली. "म्हणजे बाई घाबरट. घाबरलेल्या माणसाला घाम तिथंच येतो. पडद्यावर सिंहासारखी डरकाळी फोडते, पण मला विचारा! आणि ही दुसरी. हिच्या पाठीवर मिठाचे डाग. उन्हात दिवसभर उभी केली असणार बिचारीला. मी त्यांना कधी बघितलं नाही जवळून. पण एकेकीचं सगळं गुपित माझ्याकडे आहे. त्यांना ठाऊक नाही मी आहे म्हणून. मला ठाऊक आहे त्या आहेत म्हणून."

एवढे बोलून ती थांबली. इस्त्रीची वाफ वर गेली. आणि त्या पवित्र शांततेत मी, एका चादरीचे टोक धरून उभा असलेला मी, मोठ्याने नाक ओढले.

ताईने मान वळविली. "अरे वेड्या, रडतोस काय? डोळे पूस आधी. ती चादर पडेल दिव्यावर आणि लागेल आग!"

"कट," भिंगरी म्हणाली. बारा वाजण्यास आठ मिनिटे उरली होती. पुन्हा चित्रण झाले. त्या खेपेस मी तोंडात रुमाल कोंबला होता. ताई सर्व काही शहाण्यासारखे बोलली, आणि म्हणूनच पहिल्यासारखे बोलली नाही. बारा वाजले.

नमुना समितीपुढे दाखविण्याचा दिवस आला, तेव्हा आदल्या सायंकाळी व्यवस्थापकांनी मला बोलाविले. "मामा," ते म्हणाले, कारण स्टुडिओत मला सर्वच मामा म्हणतात, "प्रकाशयोजना पाहून मंडळी खूश होणार. कुणी केली म्हणून विचारतील. आपल्या छायालेखकांनी थोडं मार्गदर्शन केलं, असं म्हणा. स्टुडिओची शोभा राहील, मुलीचंही नुकसान नाही. आणि तुमच्या निवृत्तीला चारच वर्षं राहिलीत, नाही का?" हसत हसत त्यांनी माझ्या खांद्यावर हात ठेविला. तो हात मला रात्रभर तेथेच आहे असे वाटत होते.

समितीने नमुना पाहिला. भिंगरीने पहिले चित्रणच ठेविले होते, माझ्या नाक ओढण्यासकट. "लागेल आग!" या वाक्याला समितीतील सातही जण खळखळून हसले.

प्रथम बोलले ते कॅमेऱ्याच्या वजनवाले गृहस्थ. "चित्रण उत्तम. पण हे या मुलीचं एकटीचं काम वाटत नाही. कुणीतरी जाणता पुरुष पाठीशी असणार."

"प्रकाशाची कल्पना माझी आहे," भिंगरी म्हणाली. "हात मामांचे."

"असं प्रत्येक जण म्हणतो," ते म्हणाले. "इथं तीस-तीस वर्षं काढलेल्यांना हे सुचलं नाही, ते तुम्हांला बरं सुचलं." त्यांनी छायालेखकांकडे पाहिले. ते म्हणाले, "मी फक्त कॅमेरा चालवला," पण ते विनयाने बोलत आहेत असा सर्वांनी ग्रह करून घेतला.

अध्यक्षांनी मला पुढे बोलाविले. "तुम्ही सांगा. कुणी केलं हे?"

व्यवस्थापक दाराशी उभे होते. मी त्यांच्याकडे पाहिले नाही. पाठ केलेले एकही सुंदर वाक्य आठवेना.

"साहेब, तिनंच केलं," मी म्हणालो. "आणि पुरावा मीच आहे. तिनं नको म्हणून सांगितलेलं असताना मी सकाळी सहाला येऊन सात दिवे लावले. सगळे चुकीचे. तिनं दोनदा भिंतीवरचे काढ म्हटलं, दोनदा मी नाही म्हटलं. दिवे फिरवा म्हणाली तर वेडी म्हटलं. व्यवस्थापकसाहेब म्हणाले, गोरी बाई बसवा, तर मी म्हटलं, बसव. माझ्या सख्ख्या बहिणीच्या तोंडावर म्हटलं. हे सगळं मी तीस वर्षांच्या अनुभवानं केलं. तीस वर्षांच्या अनुभवाला हे सुचत नाही, साहेब. ते सुचायला तीच लागते."

कोणीतरी खुर्ची सरकविली. वजनवाले गृहस्थ कागदात डोके घालून काहीतरी शोधू लागले. मागील रांगेत ताई बसली होती. तिने पदराचे टोक बोटावरून सोडले.

अध्यक्षांनी इतरांशी हळू आवाजात विचारविनिमय केला. हात वर झाले. चार एका बाजूला, तीन दुसऱ्या. मग ते भिंगरीला म्हणाले, "एका मताच्या फरकानं का होईना, पण चित्रपट तुमचा. काम सोपं जाणार नाही. हे तिघे दर आठवड्याला चुका मोजायला येतील."

"येऊ द्या," भिंगरी म्हणाली. "मीही मोजते." तिचा आवाज मात्र कापत होता.

अध्यक्ष माझ्याकडे वळले. त्यांच्या डोळ्यांत मिस्कील झाक होती. "आणि काय हो, मामा? एवढं सगळं झाल्यावर पुन्हा करणार का हिच्या हाताखाली काम?"

"तिनं बोलावलं तर धावत येईन, साहेब."

सर्वांनी भिंगरीकडे पाहिले. तिने मला आपादमस्तक न्याहाळले, माझ्या पायांतील झिजलेल्या वहाणांपासून डोक्यावरील पांढऱ्या केसांपर्यंत.

"विचार करून कळवते," ती म्हणाली.

सारी समिती हसली, ताई तर तोंडाला पदर लावून हसली. मी मात्र हसलो नाही. कारण मी तिला जन्मापासून ओळखतो, आणि ती खरोखरच विचार करणार होती.